गरीब देशात बँका वाढवल्या की विकास होतो का? माझा तिसऱ्या कर्जाचा हिशोब

प्रश्न असा आलाय की गरीब देशात बँका, कर्ज, मोबाईल पेमेंट वगैरे वाढवलं की त्यातून विकास होतो, की आधी विकास होतो आणि मग हे सगळं मागून येतं? आणि एखाद्या छोट्या देशाला शून्यातून सुरुवात करायची असेल तर त्याने आधी काय करावं? विचारणारा एमए इकॉनॉमिक्सचा दिसतोय, म्हणजे दोन्ही बाजूंचे विद्वान त्याला पाठ असणार, ते मी उगाळत बसत नाही. मी ३५ वर्षं एका सरकारी बँकेत काढली, त्यातली बरीचशी मराठवाड्यातल्या खेड्यातल्या ब्रँचेसना, शेवटची काही लीड बँकेच्या (जिल्ह्यातल्या सगळ्या बँकांचं काम जुळवणाऱ्या बँकेच्या) टेबलावर, आणि रिटायर झाल्यावर पुण्यात एका ट्रेनिंग संस्थेत आफ्रिकेतून, नेपाळमधून येणाऱ्या बँकवाल्यांना शिकवायला जायचो. तेवढ्या शिदोरीवर लिहितोय. लांबेल जरा.

माझा हिशोब एकदम गावठी आहे. माणसाला पहिलं कर्ज मिळतं ते स्कीम आली म्हणून. दुसरं मिळतं कारण मॅनेजरच्या डोक्यावर टार्गेट असतं. पण आधीची दोन्ही फेडून त्याने तिसरं कर्ज स्वतः येऊन मागितलं, आधीपेक्षा मोठं मागितलं, आणि बँकेने कुरकुर न करता ते दिलं, तर समजायचं की त्या गावात सिस्टीम तयार झालीये. सरकारं, वर्ल्ड बँक, आमचं हेड ऑफिस, सगळे मोजतात ते खाती किती उघडली आणि कर्ज किती वाटलं, कारण ते मोजायला सोपं असतं आणि मार्च एंडला वर पाठवता येतं. तिसरं कर्ज कुणी मोजत नाही.

हे माझ्या डोक्यात घुसलं ते म्हशींमुळे. १९८२ ला मी ॲग्रिकल्चर ऑफिसर म्हणून लागलो तेव्हा आयआरडीपी, म्हणजे गरीब कुटुंबांना कर्ज आणि सबसिडी देणारी सरकारी योजना, जोरात होती, २ ऑक्टोबर १९८० पासून ती देशभर लागू झालेली, दर ब्लॉकमध्ये वर्षाला ६०० कुटुंबांना कर्ज द्यायचं आणि त्यातला पाव किंवा तिसरा हिस्सा सबसिडी, काहींना निम्मी. आता ६०० कुटुंबांना काय देणार? म्हशी. खरेदी समिती बसायची, बाजारात म्हशी बघायची, कानाला बिल्ला मारायचा, फोटो काढायचा, झालं. एका हंगामात माझ्या लक्षात आलं की कपाळावर पांढरा ठिपका असलेली एक म्हैस मी तिसऱ्यांदा बघतोय, मालक वेगळा, बिल्ला वेगळा, म्हैस तीच! दलाल, लाभार्थी आणि आमच्यातलेही एकदोन जण, सबसिडीत सगळ्यांचा वाटा. आणि ज्यांनी खरंच म्हैस घेतली त्यांची वेगळीच गत, वैरण नाही, डॉक्टर नाही, दूध घ्यायला डेअरीची गाडी गावात येत नाही, सहा महिन्यांत म्हैस विकली किंवा मेली. हप्ता कशातून भरणार? तो थकबाकीदार झाला आणि बँकेचं दार त्याच्यासाठी कायमचं बंद झालं. म्हणजे गरिबाला आपण कर्ज दिलं नाही, त्याचं नाव खराब करून दिलं.

पण लगेच "सरकारी बँकिंग फेल" असंही म्हणू नका, चित्र तेवढं सोपं नाहीये.

मागे जाऊन बघा. १९५४ ला रिझर्व्ह बँकेच्या गोरवाला समितीचा ग्रामीण कर्जाचा मोठा रिपोर्ट आला, त्यात अर्थतज्ज्ञ धनंजयराव गाडगीळही होते. शेतकऱ्याच्या कर्जात सावकाराचा वाटा जवळपास ७० टक्के, सहकारी सोसायट्यांचा फक्त ३ टक्क्यांच्या आसपास आणि व्यापारी बँकांचा जेमतेम १. सहकाराचा कायदा १९०४ चा, म्हणजे ५० वर्षांनंतर ही परिस्थिती. मग १९५५ ला स्टेट बँक, १९६९ ला १४ बँकांचं राष्ट्रीयीकरण, त्याच वर्षी लीड बँक योजना. १९७७ ला रिझर्व्ह बँकेने नियम काढला की जिथे आधीच बँक आहे तिथे एक ब्रँच काढायची तर जिथे बँक नाही अशा चार ठिकाणी आधी काढा. हा नियम १९९० पर्यंत होता. बर्जेस आणि पांडे या दोन अर्थतज्ज्ञांनी २००५ च्या अभ्यासात दाखवलं की या नियमामुळे जिथे ब्रँचेस वाढल्या तिथे ग्रामीण गरिबी खरोखर कमी झाली. बँकांना त्या ब्रँचेसचा तोटा झाला, हेही खरं. माझ्या मते गावाला खरा फायदा कर्जापेक्षा ब्रँचमुळे झाला, बाई भाजी विकून आलेले पैसे नवऱ्याच्या नजरेआड ठेवू शकली, मुंबईच्या पोराचे पैसे ड्राफ्टने यायला लागले, शिक्षकांचे पगार तालुक्याला न जाता मिळू लागले. कुठल्याही रिव्ह्यू मीटिंगमध्ये याचा कॉलम नव्हता.

सावकाराबद्दलही दोन शब्द, कारण बाहेरून आलेले एक्स्पर्ट त्याला एकतर राक्षस करतात नाहीतर मार्केटचा हिरो. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यात सुप्याला शेतकऱ्यांनी सावकारांच्या घरांवर जाऊन काय केलं? माणसं मारली नाहीत, कर्जखतं आणि रोखे मागितले आणि जाळले. म्हणजे राग पैशापेक्षा कागदावर होता. अमेरिकेतल्या युद्धामुळे कापसाला भाव होता तोवर सावकारांनी मोकळ्या हाताने दिलं, युद्ध संपलं, भाव पडला, सरकारने साराही वाढवला आणि इंग्रजांचं कोर्ट कागद बघून जमीन सावकाराच्या ताब्यात द्यायला तयार. पूर्वी सावकाराला गावात राहायचं असल्यामुळे थोडं सांभाळून घ्यावं लागायचं, कोर्ट आल्यावर ती गरज संपली. आजही नवीन देशात गेलेले सल्लागार म्हणतात की वसुलीचा कायदा कडक करा मग बँका कर्ज देतील. करा, पण दुसऱ्या बाजूला शेतकऱ्याकडे दुसरा पर्याय आहे का ते आधी बघा.

आणि सावकार टिकून का आहे? रात्री अकराला दवाखान्यासाठी पैसे देतो, एवढंच. शेकडा तीन म्हणजे वर्षाला ३६ टक्के, शेकडा पाच म्हणजे ६०, हे घेणाऱ्याला कळत नाही असं थोडंच आहे! मंडईत तर सकाळी ९०० घेऊन संध्याकाळी १००० परत देणारे लोक आहेत. आमचं पीककर्ज ७ टक्के, वेळेवर भरलं की ४, राज्याची सवलत धरली की शून्य, पण पेरणी जूनमध्ये आणि मंजुरी ऑगस्टमध्ये, त्यातही सातबारा आणा, नो ड्यूज आणा, स्टॅम्प आणा. स्वस्त आणि उशिरा यापेक्षा महाग आणि वेळेवर शेतकऱ्याला परवडतं.

आता परतफेडीचं, इथे मी थोडा रागातच लिहिणार आहे. "नवं-जुनं" हा शब्द शहरातल्या वाचकाला माहीत नसेल. मार्चअखेर आली की शेतकरी दोन-चार दिवसांसाठी खाजगी माणसाकडून पैसे उचलतो, सोसायटीत भरतो, जुनं खातं बंद, आठवड्यात नवीन कर्ज त्याच्या नावावर, ते काढून खाजगीवाल्याचं फेडतो वर त्याचं कमिशन. सोसायटीच्या गटसचिवाची वसुली झकास, आमचे आकडे झकास, आणि शेतकऱ्याने प्रत्यक्षात एक रुपयाही फेडलेला नाही, एक रुपयाही नवीन शेतात गेलेला नाही. वर्षानुवर्षं कागद फिरतोय. त्यावर कर्जमाफ्या, १९९० ला १० हजारांपर्यंतची, मग २००८ ची केंद्राची, मग आपल्याकडे २०१७ ला दीड लाखापर्यंत आणि २०१९ ला दोन लाखांपर्यंत. दुष्काळात माणूस बुडाला तर त्याला उभं करायलाच हवं, त्याबद्दल माझं दुमत नाही, पण त्याच्यासाठी कर्जाचं पुनर्गठन आहे, पीकविमा नीट चालवणं आहे. सरसकट माफी झाली की काय होतं, ते काउंटरला बसलेल्यालाच कळतं. २००८ नंतर एक म्हातारे शेतकरी ब्रँचला आले, आदल्याच वर्षी सुनेच्या पाटल्या मोडून त्यांनी कर्ज भरलेलं. काही भांडले नाहीत. एवढंच विचारलं, "साहेब, मी चुकलो का?" काय सांगणार? पुढे त्यांच्या मुलांनी वेळेवर हप्ता भरणं सोडून दिलं, आणि त्यांना नावं ठेवायला माझी जीभ रेटली नाही.

मग चाललं काय? माझ्या डोळ्यांसमोर चाललेली एक गोष्ट म्हणजे बचत गट. नाबार्डने (शेती आणि ग्रामीण कर्जाची शिखर बँक) १९९२ ला ५०० गटांचा पायलट घेतला, आमच्याकडे यायला ९६-९७ उजाडलं. मला विश्वास नव्हता, खोटं कशाला बोलू. अंगठा लावणाऱ्या १५ बायका, महिन्याला २० रुपये बचत, यांना कर्ज कसं द्यायचं? त्यांची वही मागितली. वहीत पहिले सहा-सात महिने फक्त बचत, मग आतल्या आत कर्जं, २०० रुपये औषधाला, ३०० किराण्याला, ५०० मुलाच्या फीला, व्याज शेकडा दोन, आणि प्रत्येक ओळीसमोर परतफेडीची तारीख. ते व्याज कुठे गेलं? गटातच राहिलं! मी १४-१५ वर्षांत आयआरडीपीच्या कुठल्या फाईलमध्ये एवढी खरी माहिती बघितली नव्हती. फरक कुठे होता तो बघा, आयआरडीपीत आम्ही आधी कर्ज दिलं आणि शिस्तीची वाट बघत बसलो, इथे शिस्त आधी आली, बचत आधी आली, आणि कर्ज बचतीच्या एकपट ते चारपट एवढंच. त्या गटातल्या एकीने तिसऱ्या कर्जात पिठाची गिरणी टाकली. बाकीच्यांनी काही फार मोठं केलं नाही, शेळ्या, शिलाई मशीन, मुलीचं लग्न. तेही सांगतो, कारण मायक्रोफायनान्समधून सगळेच उद्योजक होतात ही कथा कुणीतरी विकत असतो. २०१५ ला सहा देशांतले काटेकोर अभ्यास एकत्र छापून आले, आपल्या हैदराबादचाही त्यात होता, आणि निष्कर्ष साधारण असा की छोट्या कर्जाने लोकांना पैशाची जुळवाजुळव करायला मदत होते, पण सरासरी उत्पन्नात मोठी उडी दिसत नाही. मला आश्चर्य वाटलं नाही.

आणि हीच गोष्ट घाईने केली की काय होतं ते आंध्रात दिसलं. मायक्रोफायनान्स कंपन्यांनी गटाचं रूप घेतलं पण वही टाकून दिली, एकाच बाईला चार-चार कंपन्यांचं कर्ज, दर आठवड्याला वसुलीला माणूस दारात, आत्महत्येच्या बातम्या, ऑक्टोबर २०१० ला सरकारचा वटहुकूम आणि वसुली जागच्या जागी ठप्प. कुणाचं आधीच किती कर्ज आहे हे बघायची सोयच नव्हती. पुढे क्रेडिट ब्युरोत, म्हणजे कुणाचं किती कर्ज आणि ते कसं फेडलं याची नोंद ठेवणाऱ्या संस्थेत, ही कर्जं यायला लागली आणि २०२२ पासून रिझर्व्ह बँकेचा नियम आहे की घरातल्या सगळ्या कर्जांचे हप्ते मिळून महिन्याच्या उत्पन्नाच्या निम्म्यावर जाता कामा नयेत. उत्पन्न कोण आणि कसं मोजतं हा प्रश्न आहेच म्हणा.

केनियाचं मला फार कौतुक, आणि तिथला एक बँकवाला ट्रेनिंगला यायचा त्याच्याशी माझी चांगली गट्टी जमली. एम-पेसा मार्च २००७ ला सुरू झालं. कर्जाचं नावही नाही, फक्त नैरोबीत काम करणाऱ्याने गावाकडे आईला पैसे पाठवायचे. आपल्याकडे गिरणी कामगार मनीऑर्डर करायचा तेच, फक्त फोनवरून. मोबाईलचा टॉपअप विकणारा टपरीवाला एजंट झाला. तिथल्या सेंट्रल बँकेने आधी मोठा कायदा करत न बसता हरकत नसल्याचं पत्र दिलं, लोकांचे पैसे बँकेतल्या ट्रस्ट खात्यात वेगळे ठेवायला लावले, लक्ष ठेवलं, आणि पेमेंटचा कायदा आला तो २०११ ला. २०१६ ला सुरी आणि जॅक या अर्थतज्ज्ञांचा अभ्यास आला, त्यात अंदाज असा की याच्यामुळे केनियातली सुमारे २ टक्के कुटुंबं, म्हणजे १ लाख ९४ हजार, गरिबीतून वर आली, आणि बायकांना जास्त फायदा झाला, बऱ्याच जणी नुसत्या शेतीतून छोट्या धंद्याकडे वळल्या. कारण साधं आहे, घरात आजारपण आलं, पाऊस गेला, तर चार नातेवाईक चार दिशांनी लगेच पैसे पाठवू शकतात, शेळी विकायची वेळ येत नाही. नंतर त्याच फोनवर दोन मिनिटांत कर्ज मिळायला लागलं आणि ॲपवाल्यांनी धुमाकूळ घातला, हजार-दोन हजार शिलिंगसाठी लोकांची नावं ब्युरोत काळी झाली. माझा मित्र म्हणाला तुमच्या म्हशी आणि आमची ॲप्स सारखीच. पटलं मला.

त्याच देशाने दुसरी एक चूक केली ती आपल्या पुढाऱ्यांनी वाचावी. २०१६ ला कायद्याने व्याजाला टोपी घातली, सेंट्रल बँकेच्या दरापेक्षा ४ टक्केच जास्त. हेतू चांगला. पण छोट्या दुकानदाराला त्या दरात कर्ज देणं बँकांना परवडेना, त्यांनी सरकारी रोखे घेतले आणि निवांत बसल्या, छोटा माणूस पुन्हा बाहेरच्या महागड्या कर्जाकडे. नोव्हेंबर २०१९ ला ती टोपी काढावी लागली.

तर छोट्या देशाने कुठून सुरुवात करावी, याचं माझं उत्तर: पैसे पाठवणं आणि पैसे सुरक्षित ठेवणं आधी, कर्ज नंतर. आपण जनधनमध्ये ते केलं, ऑगस्ट २०१४ पासून ५० कोटींच्या वर खाती गेली, आणि तरी वर्ल्ड बँकेच्या २०२१ च्या पाहणीत भारतातली ३५ टक्के खाती वर्षभर वापरलेलीच नाहीत असं निघालं. का? गावातल्या बँक मित्राकडे, म्हणजे बँकेच्या एजंटकडे जा, लिंक नाही, लिंक आहे तर कॅश नाही, कॅश आहे तर म्हातारीचं बोट मशीनला लागत नाही. त्या पोराला मिळणारं कमिशन एवढं कमी की तो सोबत झेरॉक्सचं दुकान चालवतो. केनियात एजंटला नीट कमवू दिलं, आपण तिथे काटकसर केली. माझं मत विचाराल तर शंभर टक्के खाती असल्या घोषणेपेक्षा एजंटचं कमिशन दुप्पट करा.

सुरक्षित ठेवणं म्हणजे ठेव बुडता कामा नये. बँकेतल्या ठेवीला २०२० पासून पाच लाखांपर्यंत विम्याचं संरक्षण आहे, पतसंस्थेतल्या ठेवीला ते नाही, आणि गावात दोन्हींच्या पाट्या सारख्याच चकचकीत. आमच्या भागात एक पतसंस्था बुडाली, पिग्मी भरणारे हातगाडीवाले, रिटायर मास्तर, सगळे अडकले. मी अजूनही त्यातल्या काहींना भेटतो, ते आता घरात रोख ठेवतात नाहीतर सोनं घेतात. एक संस्था बुडाली की आजूबाजूच्या दहा गावांतला बँकिंगवरचा विश्वास पिढीभर जातो. गरीब देशाने देखरेख करणारी माणसं आधी नेमावीत, मग लायसन्स वाटावीत.

मग कर्ज. आणि कर्जात माझं आवडतं म्हणजे शेतमाल तारण. पणन मंडळाची योजना १९९०-९१ पासून आहे आणि निम्म्या शेतकऱ्यांना ती धड माहीत नाही. सोयाबीन काढलं की सगळे एकदम बाजारात, भाव पडलेला. समजा ४० क्विंटल बाजार समितीच्या गोदामात ठेवलं, भाव ४ हजार धरला तर किंमत १ लाख ६० हजार, त्याच्या ७५ टक्के म्हणजे १ लाख २० हजार लगेच हातात, ६ टक्क्यांनी सहा महिन्यांचं व्याज ३६०० रुपये. क्विंटलमागे ५०० रुपये भाव वाढला तर २० हजार जास्त. नाही वाढला तर? तर व्याज अंगावर, आणि गेली काही वर्षं सोयाबीनने बऱ्याच जणांना असंच फसवलंय, म्हणून मी कुणाला सगळा माल ठेवा असं सांगत नाही. पण बघा, इथे जमीन गहाण नाही, सातबारावर बोजा नाही, जामीनदार नाही. माल हाच जामीन. यासाठी लागतं काय, तर कोरडं गोदाम, प्रामाणिक वजनकाटा, आणि पावती खरी मानणारी बँक. गोदाम बांधायला आणि काटा तपासायला कुणी रिबीन कापायला येत नाही हाच प्रॉब्लेम.

शेवटी ग्रोथचं. देशाची ग्रोथ काही बचत गटातून येत नाही, ती येते २०-५० माणसांना कामाला लावणाऱ्या धंद्यातून, आणि गरीब देशात नेमका तोच मधला माणूस उपाशी राहतो. बचत गटाला लाख मिळतात, मोठ्या कंपनीला शेकडो कोटी, पण एमआयडीसीत १२ कामगारांचं वर्कशॉप चालवणाऱ्याला ३० लाख हवे असतील तर त्याच्या घराची कागदपत्रं मागतात. त्याचं बिल मोठ्या कंपनीकडे चार महिने अडकलेलं असतं, ते बिलच तारण धरून पैसे द्या ना! आता ट्रेड्सवर, म्हणजे बिलांवर पैसे मिळवून देणाऱ्या ऑनलाइन व्यवस्थेवर हे होतंय, २०१७ पासून, पण पसारा अजून पुरेसा नाही. कोरियाने १९६१ नंतर बँका सरकारी करून स्वस्त कर्ज वाटलं हे आपले लोक अर्धंच सांगतात, त्यांची अट होती की माल निर्यात करून दाखवा, दाखवला तर पुढचं कर्ज. म्हणजे तेही आपलं तिसरं कर्जच की.

आणि विद्यार्थी असाल तर एक प्रॅक्टिकल करा. फेरीवाल्यांची पीएम स्वनिधी २०२० ला आली तेव्हा पहिलं कर्ज १० हजार होतं आणि ते फेडलं की पुढचं मोठं, पुढे दुसरं २० हजार आणि तेही फेडलं की तिसरं ५० हजार असं ठरलं. जवळच्या ब्रँचला जा आणि विचारा, ५० हजारवाले किती आणि ते आता काय करतात. मॅनेजर आधी पहिल्या कर्जवाल्यांचा आकडा सांगेल. चहा घ्या, आणि परत विचारा.